आईच्या गोळ्या आणि मामांचं अलौकिक

*सर,*

*मी वसईची, कॅथलिक. वय ३१. पॅथॉलॉजी लॅबमध्ये टेक्निशियन आहे. आई ५८ वर्षांची, तिला अकरा वर्षांपासून शुगर आहे. धाकटे मामा तीन वर्षांपूर्वी एका प्रार्थना मंडळात जायला लागले आणि आता चर्चमध्ये येत नाहीत. फेब्रुवारीत ते आईला त्यांच्या आरोग्यप्रार्थनेला घेऊन गेले. पाळकांनी डोक्यावर हात ठेवला तेव्हा अंगातून ऊब गेल्यासारखं वाटलं, असं आई सांगते. तिने तिथेच सगळ्यांसमोर उभं राहून साक्ष दिली, ‘माझी शुगर गेली.’ त्या दिवसापासून गोळ्या बंद. आम्हाला कळलं ते मे महिन्यात, वेदीवर मारियामातेच्या तसबिरीमागे न फोडलेली पाकिटं सापडली तेव्हा. रक्त मीच काढलं. उपाशीपोटी २६८.*

*मामांशी कडाक्याचं भांडण झालं. ते म्हणाले, “अलौकिक मानत नाही तो ख्रिस्ती नाही. दोन हजार वर्षं ख्रिस्ती माणसं हेच मानत आली. तू सायन्स शिकलीस आणि विश्वास घालवलास. तुझ्या शंकेमुळेच ताईचं बरं होणं अडलंय.” आई तेव्हापासून माझ्याशी नीट बोलत नाही. माझा देवावर विश्वास आहे, रविवारची मिस्सा मी चुकवत नाही. पण चमत्कार म्हटलं की माझ्यातली टेक्निशियन जागी होते. मग मी ख्रिस्ती उरले नाही का? आणि आईला काय सांगू?*

*– एक मुलगी, वसई*

तू माझ्या मुलीच्या वयाची, म्हणून सरळ अगं-तुगं करतो, राग मानू नकोस.

आधी शुगर, बाकीचं नंतर. हे वाचून होताच आईच्या डॉक्टरांना फोन कर. तसबिरीमागची पाकिटं सापडली म्हणून जुन्याच मापाने गोळ्या घरच्या घरी सुरू करू नका. तीन महिने खंड पडलाय, माप डॉक्टरांना पुन्हा ठरवू दे. उलट्या, धाप, पोटदुखी, गुंगी यांतलं काही दिसलं तर सकाळची वाट बघायची नाही, थेट हॉस्पिटल. आणि एक गोष्ट कृपा करून करू नकोस. चहात गोळी विरघळवून पाजणं. तुझ्या मनात ते आलं असणार, टेक्निशियन आहेस. पण ज्या दिवशी आईला कळेल त्या दिवशी मामा खरे ठरतील आणि तू खोटी.

आता मामांचं वाक्य. मी नगरचा, प्रोटेस्टंट घरातला. ख्रिस्तसभेचा इतिहास शिकवण्यात माझी नोकरी गेली. त्यामुळे “दोन हजार वर्षं” हे शब्द कानावर आले की माझ्यातलाही एक टेक्निशियन जागा होतो.

शुभवर्तमानं ज्या ग्रीकमध्ये लिहिली गेली तिच्यात येशूच्या या कृत्यांसाठी “अलौकिक” असा शब्दच वापरलेला नाही. तिथे दुनामिस आहे, म्हणजे सामर्थ्याचं काम. तेरास आहे, म्हणजे अद्भुत. योहान तर हट्टाने सेमेइऑन म्हणतो, म्हणजे चिन्ह, आणि आपल्या मराठी बायबलातही ते “चिन्ह” असंच आलंय. चिन्ह कशाकडे तरी बोट दाखवतं. बोटाकडेच बघत बसलेल्या लोकांवर येशू वैतागतो, हे त्याच शुभवर्तमानात आहे: भाकरी खाऊन पोट भरलं म्हणून लोक मागे लागले तेव्हा.

“निसर्गाच्या वरचं” या अर्थाचा लॅटिन शब्द, सुपरनातुरालिस, पश्चिमेच्या ख्रिस्ती विचारात आला तो नवव्या शतकात, डायोनिसियस या नावाने ओळखल्या जाणाऱ्या ग्रीक लेखकाच्या भाषांतरांतून. त्याला नेमका अर्थ आणि पक्की जागा मिळाली तेराव्या शतकात, पॅरिसच्या विद्यापीठात. येशूनंतर बाराशे वर्षांनी. आणि तेव्हाही पंडितांच्या डोक्यात मुख्यतः आजार, भुतं, मूर्तीच्या डोळ्यातलं पाणी वगैरे नव्हतं. त्यांचा प्रश्न होता कृपेचा. माणूस आपल्या स्वभावाने कुठवर जाऊ शकतो आणि देवाशी मैत्री करण्याइतका वर त्याला कोण उचलतं? त्या उचलण्याला ते अलौकिक म्हणत. म्हणजे त्या पंडितांनी ज्या अर्थाने शब्द वापरला त्याने मोजलं तर मूळ अलौकिक शुगरमध्ये नव्हतंच. ते, समज, मामांनी पंधरा वर्षांच्या भांडणानंतर भावाला माफ केलं असतं तर त्यात होतं.

आता यातून असं समजू नकोस की जुने लोक चमत्कार मानत नव्हते. मानत होते, भरपूर. पण कसे मानत होते ते बघण्यासारखं आहे.

संत ऑगस्टीन घे. आजच्या अल्जेरियातल्या अन्नाबाचा, तेव्हाच्या हिप्पोचा बिशप. साधारण ३९० साली, अजून बिशप व्हायचा होता तेव्हा, त्याने लिहून ठेवलं की प्रेषितांच्या काळातले चमत्कार आता होऊ दिले जात नाहीत, नाहीतर माणसाला डोळ्यांना दिसणाऱ्या गोष्टींचीच चटक लागेल. तुझ्या मामांच्या व्याख्येने ऑगस्टीन तेव्हा ख्रिस्ती नव्हता! पुढे त्याचं मत बदललं. ‘देवाची नगरी’ या ग्रंथाच्या शेवटच्या, बाविसाव्या भागात तो बरं झालेल्या माणसांच्या हकिगतींची यादीच देतो. संत स्तेफनच्या अवशेषांचं स्थान हिप्पोत झाल्याला दोन वर्षंही झाली नव्हती आणि त्याच्याकडे जवळजवळ सत्तर लेखी जबान्या जमल्या होत्या. लेखी, हे लक्षात घे. ज्याचं त्याने सांगायचं, लिहवून घ्यायचं, लोकांसमोर वाचायचं.

त्यातली एक हकिगत त्याने स्वतः पाहिलेली आहे. कार्थेजमध्ये इनोसेन्शियस नावाचा वकिली केलेला गृहस्थ होता, ऑगस्टीन त्याच्याच घरी उतरला होता. त्याला भगंदराचा त्रास. शस्त्रक्रिया झाली, पण एक नाडीव्रण आत लपलेला राहून गेला. पुन्हा कापावं लागेल म्हटल्यावर माणूस हादरला. घरच्या एका वैद्याने हे आधीच सांगितलं होतं, तर त्याला रागाने हाकलून दिलं. मग अलेक्झांड्रियाहून आलेल्या नामांकित शल्यवैद्याला दाखवलं. तो म्हणाला, दुसरा इलाज नाही, कापावंच लागेल; पण आधीच्या वैद्यांनी एवढे कष्ट घेतलेत, शेवटचा हात त्यांचाच असू दे. (व्यवसायातली ही सभ्यता वाचून मला दर वेळी बरं वाटतं.) आदल्या रात्री इनोसेन्शियस जमिनीवर पालथा पडून इतका रडला की जमलेल्यांपैकी बाकीचे प्रार्थना करू शकले की नाही हे ऑगस्टीनला कळलं नाही. त्याला स्वतःला तर शब्दच सुचेनात. मनात एवढंच म्हणाला, ही प्रार्थना ऐकणार नसशील तर कुठली ऐकशील?

सकाळी वैद्य आले. लोखंडी हत्यारं बाहेर निघाली. रुग्णाला हवं तसं झोपवलं, पट्ट्या सोडल्या, वैद्य सुरी सरसावून तो व्रण शोधू लागला. डोळ्यांनी शोधला, बोटांनी चाचपला. जागेवर घट्ट भरून आलेला वण होता.

हे घडलं की नाही, यावर तू आणि मी रात्रभर वाद घालू शकतो. पहिल्या शस्त्रक्रियेची जखम उशिरा भरली असेल, असं तुझ्यातली टेक्निशियन म्हणेल, म्हणू दे. मला तुझं लक्ष दुसरीकडे वेधायचंय. रात्रभर रडून प्रार्थना करणाऱ्या त्या माणसाने सकाळी वैद्यांना “येऊ नका” असा निरोप धाडला नाही. चमत्कार झाला असेल तर तो सुरी हातात घेतलेल्या वैद्याला सापडला. आईच्या साक्षीत हा वैद्यच गायब आहे. फेब्रुवारीत त्या प्रार्थनेनंतर कोणीतरी आईच्या बोटाला सुई टोचून पाहिलं असतं तर तुझं पत्र मला आलंच नसतं.

याच ऑगस्टीनची आणखी एक गोष्ट मला फार आवडते. तो म्हणतो, आपण ज्याला निसर्गाविरुद्ध म्हणतो ते आपल्याला ठाऊक असलेल्या निसर्गाविरुद्ध असतं. आणि योहानाच्या शुभवर्तमानावर बोलताना लोकांना विचारतो, काना गावात पाण्याचा द्राक्षारस झाला याचं तुम्हाला नवल वाटतं. दर वर्षी पावसाच्या पाण्याचा द्राक्षवेलीवर तोच होतो, त्याचं का नाही वाटत? रोजचं आहे म्हणून? पाच भाकरींचं नवल, आणि मूठभर दाण्यांतून शेत उभं राहतं त्याचं नाही? लॅटिनमध्ये चमत्काराला मिराकुलुम म्हणतात, नवल वाटणे या क्रियापदावरून. आपला “चमत्कार” शब्दही मुळात तसाच. संस्कृत काव्यशास्त्रात चांगली ओळ वाचून मन क्षणभर थबकतं, त्याला चमत्कार म्हणत. निसर्गाचा नियम मोडायलाच हवा, ही अट दोन्ही शब्दांच्या मुळाशी नाही.

तेराव्या शतकातला धर्मपंडित थॉमस अक्वायनस या नवलाचा हिशेब अजून काटेकोर मांडतो. सूर्यग्रहण बघून खेडूत चकित होतो, ज्योतिर्विद होत नाही, कारण त्याला कारण माहीत असतं. एवढ्यावरून ग्रहण चमत्कार ठरत नाही. ज्याचं कारण कुणालाच नाही, फक्त देवालाच ठाऊक, तोच खरा चमत्कार. आणि त्याचं दुसरं सूत्र तर मी तुझ्या घरी भिंतीवर लावलं असतं: कृपा निसर्गाला नाहीसं करत नाही, पूर्णत्वाला नेते. तुझ्या आईचं स्वादुपिंड, तुझी सुई, डॉक्टरांची गोळी हे सगळं त्याच्या लेखी देवाच्याच घरातलं सामान.

इतिहास सगळा असा शहाणा नाही, हेही सांगतो, नाहीतर तू मला पुढच्या पत्रात पकडशील. दहाव्या शतकाच्या सुरुवातीला नोंदलेला ख्रिस्तसभेचा एक नियम होता: काही बायका म्हणतात आम्ही रात्री डायना देवीबरोबर आकाशातून फिरतो, तर हा भ्रम आहे आणि हे खरं मानणाऱ्याचा विश्वास ढळलेला आहे. म्हणजे चेटकीण उडते असं मानणं हीच चूक. पाचशे वर्षांत पारडं फिरलं. १४८४ मध्ये पोप इनोसंट आठवे यांनी जर्मनीतल्या चेटकिणींविरुद्ध फर्मान काढलं, पाठोपाठ चेटकीण कशी ओळखायची आणि कशी बोलती करायची याची जाडजूड हस्तपुस्तिका निघाली, आणि पुढची दोनेकशे वर्षं युरोपात हजारो बायका, काही पुरुषही, जाळले गेले. कॅथलिकांनी जाळले, प्रोटेस्टंटांनीही जाळले. जाळल्या जाणाऱ्यांच्या बाजूने १६३१ मध्ये निनावी पुस्तक लिहिणारा फ्रीडरिख श्पे हा जेसुइट या कॅथलिक संघाचा पाद्रीच होता. छळ केला तर कोणीही काहीही कबूल करील, हा त्याचा मुद्दा. शंका घेणारा तो चर्चच्या आतला माणूस होता. अलौकिकाची खात्री जितकी जास्त तितका विश्वास खरा, असं मामांना वाटत असेल तर हे शतक त्यांनी एकदा नीट वाचावं.

या अनुभवांतून म्हण, किंवा प्रोटेस्टंटांच्या टोमण्यांमुळे म्हण, कॅथलिक ख्रिस्तसभेने तपासणीची यंत्रणा उभी केली. १५६३ मध्ये ट्रेंटच्या धर्मसभेने ठरवलं की बिशपांनी तपासून मान्य केल्याशिवाय कुठलाही नवा चमत्कार स्वीकारायचा नाही. १६१४ च्या रोमन विधिग्रंथात भूत काढणाऱ्या धर्मगुरूला पहिलीच ताकीद आहे: कुणाला भूतबाधा झालीय असं सहजासहजी मानू नकोस, आजार आहे का ते आधी बघ. अठराव्या शतकात प्रॉस्पेरो लाम्बेर्तिनी नावाच्या गृहस्थांनी, जे पुढे पोप बेनेडिक्ट चौदावे झाले, बरं होण्याच्या कसोट्या लिहून काढल्या. त्यांनी वीसेक वर्षं रोममध्ये संतपदाच्या प्रकरणांत हरकती काढायचं काम केलं होतं. लोक त्या पदाला “सैतानाचा वकील” म्हणत. आजार गंभीर हवा. तो आपोआप उतरणीला लागलेला नसावा. बरं होणं एकाएकी हवं, पूर्ण हवं, आणि टिकायला हवं. औषधाने झालेलं नसावं.

हे शेवटचं ऐकून मामा म्हणतील, बघा, म्हणूनच गोळ्या बंद करायच्या! नाही. ही कसोटी मागाहून तपासणाऱ्याची आहे. चमत्काराला जागा करून द्यायची म्हणून रुग्णाने औषध टाकावं, असं त्यात कुठेही नाही. आणि बाकीच्या कसोट्या लावल्या तर उपाशीपोटी २६८ या आकड्याने “पूर्ण” आणि “टिकायला हवं” इथेच प्रकरण बंद होतं. लाम्बेर्तिनींनी फाइल दुसऱ्या पानावर मिटली असती.

फ्रान्समधल्या लूर्द या तीर्थक्षेत्री १८८३ पासून डॉक्टरांचं स्वतंत्र कार्यालय आहे. बरं झालो असं सांगणारे हजारो लोक आजवर तिथे नोंदले गेले, आणि २०१८ पर्यंत चर्चने चमत्कार म्हणून मान्य केलेली प्रकरणं होती ७०. तू लॅबमध्ये नमुना परत तपासायला पाठवतेस ना, तीच ही वृत्ती. मे २०२४ मध्ये तर व्हॅटिकनने नवे नियमच काढले: कुठे दर्शन झालं, मूर्तीतून अश्रू आले, तर बिशपांनी “हे अलौकिक आहे” असा निर्वाळा सहसा द्यायचाच नाही. फार तर म्हणायचं, श्रद्धेला हरकत नाही. म्हणजे रोमच “अलौकिक” शब्द जपून वापरतं आणि आपले मामा तो जेवणाच्या ताटावर आपटतात.

आपल्याकडे मात्र ही शिस्त नेहमी पाळली जाते असं नाही. २०१२ मध्ये विलेपार्ल्याला इर्ल्याच्या चर्चबाहेर क्रूसातून पाणी ठिबकत होतं. तुंबलेल्या नाल्याचं पाणी भिंतीत ओढलं जातंय, असं एका विवेकवाद्याने दाखवलं, तर काही कॅथलिक संघटना धार्मिक भावना दुखावल्याची तक्रार घेऊन पोलिसांकडे गेल्या आणि त्याने शेवटी देश सोडला. लाम्बेर्तिनींनी त्या माणसाला नोकरीवर ठेवलं असतं.

मग निसर्ग आणि अलौकिक यांत ही एवढी उंच भिंत बांधली कोणी? बरीचशी सतराव्या-अठराव्या शतकाने. निसर्ग म्हणजे घट्ट नियमांचं यंत्र ठरलं आणि चमत्कार म्हणजे यंत्रात बाहेरून घातलेला हात. १७४८ मध्ये डेव्हिड ह्यूम या स्कॉटिश तत्त्वज्ञाने म्हटलं, चमत्कार म्हणजे निसर्गनियमाचा भंग, आणि तो झाला असं सांगणारा साक्षीदार चुकतोय, ही शक्यता नेहमीच जास्त. गंमत अशी की ह्यूमला उत्तर देणाऱ्या भाविकांनी व्याख्या त्याचीच उचलली. आज मामा आणि त्यांना हसणारे नास्तिक दोघेही त्याच भिंतीच्या दोन बाजूंना उभे आहेत. १९४१ मध्ये रुडॉल्फ बुल्टमान या जर्मन अभ्यासकाने तुझ्याच मनातलं बोलून दाखवलं: विजेचे दिवे आणि रेडिओ वापरायचे, आजारपणात आधुनिक औषधं घ्यायची आणि त्याच वेळी नव्या करारातल्या भुताखेतांच्या जगावर विश्वास ठेवायचा, हे जमणार नाही. बुल्टमान ल्यूथरन, म्हणजे प्रोटेस्टंट होता, शेवटपर्यंत ख्रिस्तीच. मला स्वतःला तो फार घाईचा वाटतो. मला आंरी द लुबाक जवळचा. या फ्रेंच जेसुइटाने १९४६ मध्ये ‘अलौकिक’ याच नावाचं पुस्तक लिहिलं. त्याचं म्हणणं थोडक्यात असं की आपण विचाराचं दुमजली घर बांधून बसलो, खाली निसर्ग, वर अलौकिक. मग एक दिवस वरच्या मजल्याला कुलूप लागलं तरी खालच्यांना पत्ता लागला नाही. मुळात माणसाची ओढच देवाकडे आहे, मजले दोन नाहीतच. वरिष्ठांना ते झेपलं नाही, १९५० मध्ये त्याचं शिकवणं थांबवलं. १९८३ मध्ये त्यालाच कार्डिनल केलं. चर्चचं हे असं असतं. जिवंत राहिलात तर न्याय मिळतो.

मामांचं मंडळ कुठून आलं तेही ऐक. ज्या प्रोटेस्टंट परंपरेतून ती शाखा फुटली तिनेच कित्येक शतकं चमत्कार संपले असं मानलं होतं. सोळाव्या शतकातला प्रोटेस्टंट सुधारक कॅल्विन, त्याला विरोधकांनी विचारलं, तुमच्या शिकवणीला चमत्कारांचा पुरावा कुठाय? तो म्हणाला, आमचं शुभवर्तमान नवं नाही, मग नवे चमत्कार कशाला? आरोग्यदान आणि अन्य भाषा (प्रार्थनेच्या भरात अनोळखी भाषेत बोलणं) यांवर उभी राहिलेली पेंटेकॉस्टल लाट विसाव्या शतकातली. तिचा उगम म्हणून लॉस एंजेलिसच्या अझुसा स्ट्रीटचं १९०६ सालचं नाव घेतात, पण त्याच्या आदल्या वर्षी जूनमध्ये आपल्या पुणे जिल्ह्यातल्या केडगावात, पंडिता रमाबाईंच्या मुक्ती सदनात, मुली रात्र रात्र प्रार्थना करत होत्या. एका मुलीला आग लागलीय असं वाटून सोबतीची बाई पाण्याची बादली आणायला धावली, अशी त्या वेळची हकिगत आहे.

आणि ही रमाबाई कोण? १८८३ मध्ये इंग्लंडात बाप्तिस्मा घेऊन लगेच त्रैक्यावर (पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एक देव), मतांगीकारांवर (श्रद्धेच्या ठरीव कबुलीवर) प्रश्नांची सरबत्ती करणारी. तिथल्या मठातल्या जेराल्डिन सिस्टर पत्रांतून तिला समजावून थकल्या. पटल्याशिवाय हो म्हणायचं नाही, हा तिचा बाणा. तीच बाई वीस वर्षांनी केडगावात तो सगळा कल्लोळ होऊ देते, आणि त्याच वर्षांत हिब्रू-ग्रीकशी झटत मूळ भाषांतून बायबल मराठीत आणते. छपाईची कामं मुक्तीतल्या मुलींनीच केली. १९२२ मध्ये रमाबाई गेल्या, संपूर्ण बायबल १९२४ मध्ये निघालं. एका हातात शब्दकोश आणि दुसऱ्या खोलीत तो अग्नी. तिला शंका आणि अलौकिक यांतलं एक निवडावं लागलं नाही. मामांना केडगाव माहीत नसेल तर एकदा घेऊन जा, पाटस-दौंडकडे जाताना लागतं.

तेव्हा तू ख्रिस्ती आहेस. हा प्रश्न मला विचारायलाही नको होतास.

“तुझ्या शंकेमुळे ताईचं बरं होणं अडलंय” या वाक्याचा मात्र मला राग आलाय. मामांकडे बायबल आहे ना? योहान नववा अध्याय काढायला सांग. जन्मांध माणूस बघून शिष्य विचारतात, पाप कोणाचं, याचं की याच्या आईबापांचं? येशू म्हणतो, कोणाचंच नाही. मग तीमथ्याला दुसरं पत्र, चौथा अध्याय, विसावी ओवी: “त्रफिम आजारी पडला, त्याला मी मिलेतात ठेवून आलो,” अशा अर्थाचं वाक्य. लिहिणारा पौल, ज्याच्या अंगावरचे रुमाल लावून लोक बरे होत असं प्रेषितांच्या कृत्यांत आहे. त्याचा सोबती बरा झाला नाही तर तो कोणाच्या शंकेमुळे? पौल कोणाला दोष देत नाही. पहिल्या पत्रात तर तीमथ्यालाच सांगतो, पोटासाठी थोडा द्राक्षारस घेत जा. औषधच ते.

बेन सिराखचा अडतिसावा अध्याय तुमच्या कॅथलिक बायबलात आहे: वैद्याचा मान राख, त्याला प्रभूनेच निर्माण केलं, औषधं प्रभूने मातीतून उगवली, शहाणा माणूस ती झिडकारत नाही, आजारी पडलास तर प्रार्थना कर, आणि वैद्यालाही जागा दे. मामांसमोर हे वाचू नकोस, त्यांच्या बायबलात हे पुस्तकच नाही (माझ्याही नाही, नगरला आम्ही ते उसनं आणून वाचतो) आणि भांडण भलतीकडे जाईल. आईसमोर वाच.

आता आई. तुझं पत्र मी तीनदा वाचलं आणि माझं लक्ष सारखं त्या तसबिरीमागच्या पाकिटांकडे जात राहिलं. तिने ती फेकून का दिली नाहीत? ज्या बाईला शंभर टक्के खात्री असते ती पाकिटं केरात टाकते. तिने ती मारियामातेच्या मागे ठेवली. माझा अंदाज असा की फेब्रुवारीच्या त्या दुपारी तिला ऊब वाटली हे खरं आहे, आणि त्यानंतर कधीतरी तहान लागू लागली, रात्री उठावं लागलं, तेव्हा तिलाही कळलंय. पण ती सगळ्यांसमोर साक्ष देऊन बसलीय. गोळी घेतली तर ती साक्ष खोटी ठरते, भावाची मान खाली जाते, आणि देवाला दिलेला शब्द मोडल्यासारखं होतं. तुझ्याशी ती बोलत नाही कारण तू आकडा काढलास.

म्हणून तिला “चमत्कार झालाच नाही” असं सांगू नकोस. तो खटला चालवायची तुला गरज नाही. ऊब कसली होती ते तिचं आणि देवाचं. तिला एवढं विचार, “आई, त्या दिवशी काय वाटलं?” आणि पूर्ण ऐक, मध्ये बोलू नकोस. मग तुमच्या धर्मग्रामातल्या फादरांकडे तिच्याबरोबर जा. आजाऱ्यांना तेल लावण्याचा संस्कार फक्त मरणाच्या दारात नसतो, तिच्यासारख्या दीर्घ आजाराच्या माणसालाही तो देता येतो, हे तिला बहुधा ठाऊक नसेल. आरोग्यासाठी प्रार्थना करताना औषधोपचार सोडायचे नसतात, हे रोमने २००० साली लेखी सांगितलंय. ते फादरांच्या तोंडून आलं तर तिला साक्ष गिळावी लागली असं वाटणार नाही.

माझी आजी नगरच्या मिशन हॉस्पिटलच्या गोळ्या घ्यायची. गोळी तळहातावर ठेवायची, डोळे मिटायची, ओठ हलायचे, मग पाणी. लहानपणी मला वाटायचं औषध घेण्याची पद्धतच ती आहे. आईला हे सुचवून बघ. पाकिटं वेदीवरच राहू देत, फक्त तसबिरीच्या मागून पुढे येऊ देत.

मामांना काही दिवसांनी जेवायला बोलाव. रविवार सोडून, त्यांची प्रार्थना असते. वादाचं काही काढू नकोस, जाताना फक्त त्यांच्याही बोटाचा एक थेंब मागून घे. शुगर घराण्यात असते.